उपाय शिल्लक असेपर्यंत

सुचेता खरातचं वय सेहेचाळीस होतं आणि सत्तावन्नही होतं. दोन्ही आकडे सरकारी कागदांवरचेच. पहिला जन्मदाखल्यावरून काढलेला, दुसरा रक्तावरून. तिच्या भाचीनं कुणाच्या घरात वाढायचं हे ठरवायची वेळ आली, तेव्हा सरकारनं दुसरा आकडा धरला.

भाची म्हणजे जुई, धाकट्या भावाची, हर्षदची मुलगी. जालन्यात एकाच इमारतीत खालच्या मजल्यावर हर्षदचा संसार होता आणि वरच्या मजल्यावर सुचेता एकटी राहायची. बियाणं तपासणाऱ्या एका प्रयोगशाळेत ती विश्लेषक होती. लग्न केलं नव्हतं, आणि त्याची खंत करायला जुईनं तिला कधी सवड दिली नव्हती. शाळेतून आली की पोरगी दप्तर खाली टाकायची आणि जेवायला वर यायची. मग एका उन्हाळ्यात लग्नाहून परतताना हर्षदची गाडी महामार्गावर उलटली. बायको जागेवर गेली. हर्षद आठवडाभर अतिदक्षता विभागात होता आणि सुचेता बाहेरच्या बाकावर. मागच्या सीटवर झोपलेल्या जुईला खरचटलंसुद्धा नव्हतं. ती तेव्हा सहा वर्षांची होती.

मग तोही गेला. दोघांचं दिवसकार्य उरकल्यावर सुचेतानं कायमच्या पालकत्वाचा अर्ज केला. सख्खी आत्या आहे, पगार आहे, घर आहे. सही-शिक्क्याचं काम असेल असं तिला वाटलं. पण कायदा बदलला होता, आणि ज्याला त्याची गरज पडली नव्हती त्याला तो ठाऊकही नव्हता.

कायद्यामागचा हेतू वाईट नव्हता. लागोपाठच्या साथी आणि भाजून काढणाऱ्या उन्हाळ्यांनंतर राज्यात एक नवंच दुःख दिसू लागलं होतं. आईबाप गेलेली मुलं आजी-आजोबांकडं, थकलेल्या काका-मावश्यांकडं जायची आणि दोन-चार वर्षांत तेही जायचे. मूल दुसऱ्यांदा पोरकं व्हायचं. ते टाळायला ‘पालकत्व क्षमता प्राधिकरण’ स्थापन झालं. मूल एकवीस वर्षांचं होईपर्यंत पालक धडधाकट राहील का, हे आधीच तपासायचं. आणि ते तपासायला आता यंत्र होतं.

यंत्राची कल्पना साधी होती. आपल्या पेशींतला डीएनए जन्मभर बहुतेक तोच राहतो. पण त्याच्या धाग्यावर ठिकठिकाणी मिथाइल नावाचे बारीकसे रासायनिक गट चिकटतात आणि सुटतात. कुठलं जनुक जागं राहील आणि कुठलं झोपेल, हे काही अंशी त्यांच्यावर ठरतं. वय वाढतं तशी या गटांची नक्षी ठरावीक वळणानं बदलत जाते. लाखो माणसांची नक्षी वाचून यंत्राला शिकवलं, की ते नव्या माणसाच्या रक्ताच्या थेंबावरून सांगू शकतं, हे शरीर किती वर्षांइतकं वापरलं गेलंय. दाखल्यावरचं वय सगळ्यांचं सारख्या वेगानं वाढतं, हे तसं वाढत नाही. आधी विमा कंपन्यांनी ते वापरलं, मग सरकारनं. लोक त्याला नुसतं ‘घड्याळ’ म्हणायचे.

नियम असा होता: घड्याळानं सांगितलेल्या वयात मुलाला एकवीस व्हायला लागणारी वर्षं मिळवायची. बेरीज सत्तरच्या वर गेली की अर्जदार अपात्र. सुचेताचे सत्तावन्न आणि जुईची पंधरा. बहात्तर.

रक्त घेणाऱ्या मुलीनं विचारलं होतं, “मधुमेह? रक्तदाब? तंबाखू?”

“काही नाही,” सुचेता म्हणाली होती. भाऊ जाऊन तीन आठवडे झालेत, हे कुणी विचारलं नाही, आणि सांगायचं असतं हे तिला कळलं नाही.

*

ॲडव्होकेट रिझवान शेख हे हर्षदचे वर्गमित्र. आदेश वाचून त्यांनी चष्मा काढला. “ताई, हा आदेश टिकणारा नाही. सरासरीवरून एका माणसाचं आयुष्य ठरवतात? आपण सरळ उच्च न्यायालयात जाऊ.”

आणि ते गेले. सुचेता पहिल्यांदाच त्या इमारतीत आली होती. त्यांचा पुकारा झाला आणि मागच्या बाकावरून ती पुढं येईपर्यंत निम्मं बोलणं संपलंही होतं.

“पुनर्विलोकन केलंत?” न्यायमूर्तींनी विचारलं.

“नाही, पण—”

“अपील? त्यावर फेरतपासणी अर्ज? कायद्यानं तुम्हाला तीन पायऱ्या दिल्यात, शेखसाहेब. त्या ओलांडून एकदम इथं कसे?”

“मूल काढून घेतायत, साहेब. ते परत मिळेपर्यंत मूल तेवढंच राहत नाही.”

न्यायमूर्ती दुष्ट नव्हते. त्यांनी कागद पुन्हा चाळला. “प्राधिकरणाकडं तज्ज्ञ आहेत, आमच्याकडं नाहीत. चूक असेल तर तेच दुरुस्त करतील. पर्यायी उपाय उपलब्ध असताना आम्ही हात घालणार नाही. ते संपल्यावर या. सगळे मुद्दे खुले ठेवतो.”

बाहेर आल्यावर शेखांनी तिला समजावलं. नियम जुना आहे, आणि अगदीच वेडगळ नाही. प्रत्येक जण प्रत्येक आदेशाविरुद्ध थेट इथं आला तर कोर्टाला श्वास घेता येणार नाही. “दार बंद केलेलं नाही त्यांनी. नंतर या म्हणालेत.”

“नंतर म्हणजे कधी?”

शेख म्हणाले, “सहा महिने, फार तर वर्ष.” त्यांना खरंच तसं वाटत होतं.

पुढच्या आठवड्यात प्राधिकरणाच्या दोन बायका आल्या. बोलायला फार गोड होत्या. जुईनं आपली बॅग स्वतः भरली आणि दारात वळून विचारलं, “आत्या, किती दिवस?”

“थोडे दिवस.”

“शाळा सुरू व्हायच्या आत?”

“हो,” सुचेता म्हणाली.

*

पुनर्विलोकन ज्यांनी आदेश दिला त्याच अधिकाऱ्यांपुढं होतं. दाभाडे नावाचे गृहस्थ. टेबलावर एकही कागद नाही, समोर फक्त पडदा. त्यांनी तिला चहा मागवला.

“मॅडम, तुम्ही बियाणं तपासता ना? मग तुम्हाला समजावणं सोपं आहे. लॉटमधले चारशे दाणे घेता, उगवण ठरलेल्या टक्क्याच्या खाली आली की अख्खा लॉट नापास. बरोबर?”

“बरोबर.”

“त्या लॉटमधला एखादा दाणा उद्या तुमच्यापुढं येऊन म्हणाला, बाई, मी उगवणार आहे, तर काय कराल?”

सुचेतानं चहाचा कप खाली ठेवला. वीस वर्षं ती हेच करत आली होती. उत्तर तिला जिना उतरताना सुचलं: मी पोतं नापास करते, दाणा नाही. आणि पोतं नापास केलं म्हणून कुणी कुणाच्या घरातून उचलून नेत नाही. पण तिची वेळ संपली होती आणि तिच्या मागची बाई आत गेली होती.

नियमाप्रमाणं पुनर्विलोकनात रक्त पुन्हा तपासलं. घड्याळ अठ्ठावन्न म्हणालं. दाभाड्यांनी मूळ आदेश कायम केला.

शेखांनी अपिलासाठी एक तज्ज्ञ शोधल्या. डॉ. मीनल काबरा, पुण्यातल्या एका संस्थेत याच घड्याळांवर काम करणाऱ्या. त्यांनी दोन्ही अहवाल शेजारी शेजारी ठेवून पाहिले आणि विचारलं, “पहिलं रक्त कधी घेतलं? त्याच्या आधी काय झालं होतं?”

सुचेतानं सांगितलं.

डॉक्टरांनी अहवाल बाजूला सारले. “दुःखानं माणूस म्हातारं होतं, असं आपण नुसतं बोलायला बोलतो ना? ते शब्दशः खरं आहे. मोठी शस्त्रक्रिया, गंभीर आजार, सततची धास्ती, जागरणं, यांत ही नक्षी झपाट्यानं पुढं सरकते. पण ती परतही येते. ताण गेला, झोप लागली, की सहा-आठ महिन्यांत घड्याळ मागं फिरतं. तुमचं रक्त सगळ्यात चुकीच्या दिवशी घेतलं गेलंय.”

“म्हणजे माझा आकडा खोटा आहे?”

“खोटा नाही. त्या दिवसापुरता खरा आहे. तुम्ही एवढंच करा, ही धावपळ थांबवा. नीट जेवा, झोपा. वर्षभरानं पुन्हा रक्त द्या. माझी खात्री आहे, तुम्ही नियमात बसाल.”

सुचेतानं शेखांकडं पाहिलं. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा तिच्या चेहऱ्यावर हसू येऊ पाहत होतं. शेख मात्र खाली मान घालून बसले होते.

“अपिलाची मुदत तीस दिवस आहे, ताई,” ते म्हणाले. “ती चुकली की आदेश अंतिम होतो. मग उद्या कोर्टात गेलो तर ते म्हणतील, उपाय होता, बाईंनी वापरला नाही.”

“आणि वापरला तर?”

“तर रक्त पुन्हा तपासणार. तेही तीस दिवसांच्या आत.”

डॉ. काबरा हताशपणे हसल्या. “म्हणजे लढाल तर आकडा वाढणार, आणि नाही लढलात तर तो उतरूनही उपयोग नाही.”

सुचेता म्हणाली, “अपील लिहा, शेखसाहेब.”

*

जुईला इचलकरंजीत बेडगे नावाच्या कुटुंबात ठेवलं होतं. यंत्रमागांचे सुटे भाग दुरुस्त करणारे सुरेश बेडगे, त्यांची बायको वंदना आणि तीन वर्षांचा एक मुलगा, विहान. दोघांचं घड्याळ दाखल्यापेक्षाही कमी दाखवत होतं. महिन्यातून एकदा भेटायची परवानगी होती. सुचेता बसनं जायची, आठ-नऊ तासांचा प्रवास करून दोन तास भेटायची आणि तशीच परत यायची.

“या की ओ ताई, बसा,” वंदना म्हणायची. तिच्या हातचा चहा चांगला असायचा आणि सुचेताला तो नको असायचा. घरात काही वावगं दिसावं म्हणून ती नकळत कोपरे न्याहाळायची. दिसायचं नाही. पोरगी अंगानं भरत होती, केसांना तेल होतं, दप्तर नवं होतं.

बदल आधी कानाला कळला. एका भेटीत जुई धावत आली आणि म्हणाली, “आत्या, मी कवाधरनं वाट बघालोय!”

“बघतेय म्हणावं,” सुचेता म्हणाली. “मुली ‘बघतेय’ म्हणतात.”

“इथं सगळ्या मुली असंच बोलतात.”

“आपण जालन्याचे आहोत ना.”

जुई खुर्चीवर सरळ बसली. पुढचे दोन तास ती तोलून-मापून, वाक्याच्या शेवटी थबकत बोलली. परतीच्या बसमध्ये सुचेताला स्वतःच्या जिभेचा राग आला. दोन तास मिळाले होते आणि त्यांत तिनं पोरीला घाबरून बोलायला शिकवलं होतं.

अपिलाच्या सुनावण्या पुढं जात राहिल्या. एकदा सदस्य रजेवर, एकदा पद रिक्त, एकदा प्रणाली बंद. शेवटी विभागीय अपील प्राधिकाऱ्यांनी डॉ. काबरांचं म्हणणं मन लावून ऐकलं, त्यात तथ्य आहे असं नोंदवलं, आणि प्रकरण फेरविचारासाठी दाभाड्यांकडं परत पाठवलं. दाभाड्यांची बदली झाली होती. नव्या बाईंनी नव्यानं रक्त मागवलं. एकसष्ट.

जुई आठ वर्षांची झाली होती, म्हणजे आता तेराच वर्षं लागत होती. हा एक विचित्र हिशेब सुचेताच्या मागं लागला होता. पोरगी एका वर्षानं वाढली की तिला एक वर्ष कमी जगून दाखवायचं होतं, पण तेवढ्यात घड्याळ दोन वर्षं पुढं पळायचं. आरशात तिला तो फरक दिसू लागला होता. गुडघे कुरकुरायचे. प्रयोगशाळेत अंकुर मोजताना नजर चुकायची आणि पुन्हा पहिल्यापासून मोजायला लागायचं.

प्रकरण पुन्हा अपिलात गेलं. त्याच सुमारास शेख फोनवर सहज बोलून गेले, “संगोपन करणाऱ्या घरात काही हयगय झाली असती तर गोष्ट वेगळी होती. मग अपील चालू असतानासुद्धा मूल तुमच्याकडं आणता आलं असतं.”

त्यांनी ते सुचवलं नव्हतं, नुसतं सांगितलं होतं. पण पुढच्या भेटीत जुईच्या मनगटाच्या वर भाजल्याचा डाग होता, बोटभर लांब.

“हे काय?”

“तव्याला लागला हात. मी भाकरी करत होतो,” जुई म्हणाली. मग आठवण होऊन, “होते.”

वंदना आतून ओरडली, “नको नको म्हणताना बसलीय ओ ताई, ऐकत्यात होय पोरं! मलम लावलंय.”

सुचेताला कळत होतं की गोष्ट एवढीच आहे. तिनं स्वतः आठव्या वर्षी याहून मोठा चटका घेतला होता. तरी तिनं जुईचा हात हातात घेतला, गोंजारल्यासारखं केलं आणि फोननं त्याचा फोटो काढला. दुसऱ्या दिवशी प्राधिकरणाकडं तक्रार गेली: लहान मुलीला चुलीशी राबवतात.

चौकशी आली. दोन अनोळखी माणसांनी जुईला एका खोलीत बसवून तुला मारतात का, उपाशी ठेवतात का, रात्री कोण कुठं झोपतं, असं सगळं विचारलं. विहानलाही विचारलं. शेजाऱ्यांना विचारलं, शाळेत विचारलं. गल्लीत महिनाभर चर्चा झाली. बेडगे निर्दोष ठरले.

पुढच्या भेटीला सुचेता गेली तेव्हा वंदनानं ‘या’ म्हटलं, पण ‘की ओ ताई’ म्हटलं नाही. चहा आला. जुई समोरच्या खुर्चीवर बसली, शेजारी नाही.

“आत्या, तू आईचं नाव का सांगितलंस?”

सुचेताला क्षणभर कळेना. हर्षदच्या बायकोचा इथं काय संबंध? मग तिला कळलं, आई म्हणजे कोण.

“तुला घरी न्यायचं होतं म्हणून,” ती म्हणाली. खोटं बोलायचं त्राण तिच्यात उरलं नव्हतं.

“ती रडत होती. दोन दिवस जेवली न्हाई.” जुईनं या वेळी स्वतःला दुरुस्त केलं नाही. “तू वाईट हाईस काय, आत्या?”

स्वयंपाकघरातून वंदना बाहेर आली. “जुई! मोठ्या माणसांस्नी असं बोलायचं न्हाई. माफी माग.” आणि तिनं सुचेताच्या हातातला गार झालेला कप घेतला. “दुसरा आणते.”

ती ओरडली असती तर सुचेताला बरं वाटलं असतं.

*

अपील फेटाळलं गेलं. आता शेवटची पायरी उरली होती, मंत्रालयातला फेरतपासणी अर्ज.

डॉ. काबरांनी तिला बोलावून घेतलं. “तुमची शेवटची नक्षी पाहिली मी. सुचेताताई, हा आता आकड्याचा प्रश्न राहिलेला नाही. हृदयाच्या, मेंदूच्या धोक्याच्या खुणा त्यात दिसायला लागल्यात. यंत्रानं सुरुवातीला जे खोटं भाकीत केलं होतं ते तुम्ही खरं करून दाखवताय. थांबा आता.”

“थांबले तर आदेश बरोबर होता असं होईल.”

“होऊ दे की. तुमचा जीव—”

“डॉक्टर, त्यांनी मला सांगितलं की तू मरणार आहेस म्हणून पोरगी देत नाही. मी घरी जाऊन पडून राहिले तर पोरीला काय वाटेल? आत्यानं मान्य केलं, असंच ना?”

डॉ. काबरांना बरंच काही म्हणायचं होतं. पोरीला खरंच तसं वाटेल का, हे तर नक्कीच. पण समोरच्या बाईचा चेहरा पाहून त्यांनी फक्त रक्तदाबाच्या गोळ्या लिहून दिल्या.

फेरतपासणी अर्ज वर्षभर पडून राहिला आणि दोन ओळींत फेटाळला गेला. घड्याळ चौसष्ट सांगत होतं. सुचेताचं दाखल्यावरचं वय एक्कावन्न होतं. जुई अकरा वर्षांची झाली होती, आणि बेडग्यांनी तिला कायमची दत्तक घेण्याचा अर्ज केला होता.

शेखांचा फोन आला तेव्हा त्यांचा आवाज आनंदानं चढलेला होता. “ताई, संपले! सगळे उपाय संपले. आता कोर्ट आपल्याला अडवू शकत नाही.”

*

या वेळी कोर्टानं खरंच ऐकलं. खंडपीठ नवं होतं, आणि अशाच आणखी काही याचिका सोबत होत्या. शेख एवढं चांगलं कधी बोलले नव्हते. डॉ. काबरांचं प्रतिज्ञापत्र न्यायमूर्तींनी स्वतः मोठ्यानं वाचलं. जेवणाच्या सुट्टीआधी त्यांनी जुईला दालनात बोलावलं आणि तिच्याशी एकटीशी बोलले. सुचेता बाहेर उभी होती. पलीकडच्या भिंतीशी वंदना उभी होती, पदराचं टोक मुठीत घट्ट धरून. दोघी एकमेकींकडं पाहत नव्हत्या.

दुपारी निकाल सांगितला गेला. लाखोंची सरासरी एका व्यक्तीवर लादणारा हा नियम घटनाबाह्य आहे. शोकाच्या काळात घेतलेलं रक्त ग्राह्य धरणं अन्यायाचं होतं. मूळ आदेश पहिल्या दिवसापासून बेकायदा होता, तो रद्द. शेखांनी टेबलाखाली मूठ वळली.

मग न्यायमूर्ती थांबले, आणि जरा हळू आवाजात पुढं सांगू लागले. “मात्र मूल पाच वर्षं त्या घरात आहे. याचिकाकर्तीवर अन्याय झाला, विलंबही झाला. त्याची भरपाई मुलाला पुन्हा उपटून करता येणार नाही. ताब्याबाबत आम्ही आदेश देत नाही. याचिकाकर्तीला प्राधिकरणाकडं नव्यानं अर्ज करण्याची मुभा राहील. प्राधिकरणानं तो कायद्यानुसार आणि शक्य तितक्या लवकर निकाली काढावा.”

शेख उठले. “साहेब, आम्ही पहिल्याच आठवड्यात इथं आलो होतो. तेव्हा मूल सहा वर्षांचं होतं.”

“ते आमच्या निदर्शनास आलं आहे,” न्यायमूर्ती म्हणाले. ते पुढं काही तरी बोलणार असं वाटलं. पण त्यांनी चष्मा सारखा केला आणि पुढचं प्रकरण पुकारलं गेलं.

व्हरांड्यात गर्दी झाली. सोबतच्या याचिकांतले एक म्हातारे गृहस्थ सुचेताला शोधत आले. त्यांचा नातू दोनच महिन्यांपूर्वी नेला होता. तो आता परवा घरी येणार होता. ते तिच्या पाया पडायला वाकले तसं तिनं त्यांना धरलं. “बाई, तुम्ही वाट पाडलीत म्हणून,” असं म्हणून ते रडायला लागले. तिनं त्यांचे खांदे थोपटले. तिला त्यांच्यासाठी आनंद व्हायला हवा होता, आणि तो होईना.

“ताई, सोमवारी नवा अर्ज टाकतो,” शेख म्हणाले. “आता तो नियमच नाही राहिला. नाकारला तर पुनर्विलोकन, मग...” त्यांना स्वतःचंच बोलणं ऐकू आलं आणि त्यांनी फाईल मिटली.

“पाच वर्षं मला एकच विचारत होते, शेखसाहेब, उपाय संपले का, उपाय संपले का,” सुचेता म्हणाली. “तिचं लहानपण संपलं. ते कुणी विचारलं नाही.”

जुई वंदनाचा हात सोडून त्यांच्याकडं येत होती. उंच झाली होती. चालताना हर्षदसारखा डावा खांदा किंचित पुढं यायचा. ती येऊन सुचेतासमोर उभी राहिली. चौकशीनंतर ती कधीच आपणहून जवळ आली नव्हती.

“आत्या, तू जिंकलीस म्हणत्यात सगळी.”

“हो. जिंकले.”

“मग आता मला न्यायला येणार काय?”

प्रश्न नीटच विचारला होता, मोठ्या माणसांशी बोलायचं असतं तसा. पण तिचा हात ओढणीचा काठ गुंडाळत होता, आणि पलीकडं वंदना त्यांच्याकडंच पाहत उभी होती. विहान तिच्या मागून डोकावून बघत होता.

सुचेतानं शेखांकडं पाहिलं नाही. तिनं जुईच्या कपाळावरची बट मागं सारली. “नाही गं. मी आपली भेटायला येत जाईन. तू म्हणशील तेव्हा.”

“आणि तो अर्ज? परत ती माणसं येऊन विचारणार न्हाईत न्हवं?”

“नाही. अर्ज करणार नाही मी. कुणी येणार नाही विचारायला.”

“नक्की?”

“नक्की.”

जुईनं ओढणीचा काठ सोडला. खांदे सैल पडले, चेहरा मोकळा झाला, आणि पाच वर्षांत पहिल्यांदा ती सुचेताकडं पाहून पूर्वीसारखी हसली. मग वळली आणि व्हरांड्यातल्या काळ्या कोटांमधून वाट काढत, ओरडून सांगत पळाली, “आई! न्हाई नेणार म्हणाली!”